रुखवतातलं युरेनियम

रविवार, ८ मार्च १९९८

आज मुलीचं, रक्षाचं, लग्न जुळलं आणि मी स्वतःची पंचाईत करून बसलो.

ही डायरी नागपूरच्या स्टीलवाल्या ठोक व्यापाऱ्याने नव्या वर्षाला दिलेली. आजपर्यंत हिच्यात फक्त फोन नंबर होते. पण आज जे झालं ते कुणाजवळ बोलता येत नाही, म्हणून लिहितो. पहिल्या पानावर मोठ्या अक्षरांत 'विक्रीकर' लिहून ठेवलं आहे. आता बायको, वच्छला, ही वही उघडत नाही.

मुलगा आदेश, अल्लीपूरचा. घरची ओलिताची शेती, शिवाय गावात बॅटरी आणि डायनामो दुरुस्तीचं दुकान. आई तो तान्हा असतानाच गेली, आत्याने वाढवलं. वडील किसनराव सरळ माणूस, पण आवाज असा की साधं 'पाणी द्या' म्हटलं तरी समोरचा दचकतो. निघताना त्यांनी मला चपलांजवळ बाजूला घेतलं.

"पोरगी पसंत हाये. एकच गोष्ट. लग्न झालं का कॉलेज-गिलेज बंद. घरात माही बहीण एकटी राबून राह्यली. कबूल?"

मी म्हटलं, "कबूल."

ते गेले. संध्याकाळी रक्षा दुकानात आली. ती वर्ध्याच्या कॉलेजात रसायनशास्त्राचं एम.एस्सी. करते, पहिल्या वर्षाची परीक्षा तोंडावर आहे.

"बाबा, मले दुसरं वर्ष पुरं करू देतीन नं ते लोक? नाई तं आत्ताच नाई म्हणते मी."

मी म्हटलं, "देतीन नं. बोललो मी."

तर असं. सेलूत तीस वर्षं भांड्यांचं दुकान चालवतो आहे आणि गिऱ्हाइकाला 'नाही' म्हणायचं नाही हा आमच्या गल्ल्यावरचा नियम. मागितलेलं तपेलं नसलं तर 'उद्या येते' म्हणायचं. बहुतेक वेळा ते उद्या येतंही. त्यामुळे माझी सवय बिघडली आहे. यातूनही उद्यापरवा काहीतरी निघेल. लग्न सतरा मेचं आहे, भरपूर वेळ आहे.

गुरुवार, १९ मार्च

आज आदेशच्या आत्या, सुलोचनाबाई, कुंकवाच्या कार्यक्रमाला आल्या. किसनरावांची थोरली बहीण. बोलणं कमी, बघणं जास्त. आमच्या स्वयंपाकघरातला एकेक डबा त्यांनी नजरेनेच उघडून पाहिला. मग रक्षाला म्हणाल्या, "पोरीच्या हातात काय हाये ते रुखवतात दिसते. तू काय मांडशीन?"

वच्छलाने माझ्याकडे पाहिलं. रक्षाला मोत्यांचा बैल येत नाही, लोकरीचं तोरण येत नाही, दोन वर्षांपूर्वी विणायला घेतलेला रुमाल अजून चतकोरच आहे. पण रक्षा शांतपणे म्हणाली, "आत्याबाई, मले जे येते तेच मांडीन."

"मांडजो," त्या म्हणाल्या.

पाहुणे गेल्यावर कळलं की हिला काय येतं. जगात जे जे काही आहे, माती, पाणी, माणूस, माझं दुकान, ते सगळं म्हणे शंभरेक मूलद्रव्यांचं बनलेलं आहे. नाव मिळालेली एकशे नऊ. त्यांचा एक तक्ता असतो. त्या तक्त्यासारखी लाकडाची मांडणी करायची, एकशे नऊ खण, प्रत्येक खणात तो पदार्थ प्रत्यक्ष ठेवायचा, आणि खाली कार्डावर त्याचं नाव, वजन आणि गुण लिहायचे. हे रुखवत!

वच्छला म्हणाली, "लोक हासतीन व माय. त्यापेक्षा नारळाले डोळे लाव, नवरा-नवरी कर."

रक्षाने मला विचारलं. मी म्हटलं, "कर."

गुरुवार, २ एप्रिल

सुतार मांडणी देऊन गेला. छान झाली आहे, उतरंडीसारखी भिंतीला टेकून उभी राहते. रक्षाची परीक्षाही संपली. आज ती दुकानात नमुने शोधायला आली. मला वाटलं, अर्धं काम तर माझ्या दुकानातच होईल. उत्साहाने पितळेचा तांब्या काढून दिला.

"हे नाई चालत. पितळ म्हंजे तांबं आन् जस्त."

काशाची वाटी दिली. तीही परत. तांबं आणि कथील. स्टीलचा डबा दिला तर म्हणाली लोखंड, क्रोमियम आणि निकेल. अख्ख्या दुकानात तिने तांब्याचा एक तुकडा, लोखंडी उलथनं आणि अॅल्युमिनियमचं झाकण एवढंच पसंत केलं. इतकं चोखंदळ गिऱ्हाईक तीस वर्षांत पाहिलं नाही.

मग तिने माझ्या देवघरातला जुना, सिंहाचं चित्र असलेला रुपया मागितला. हा रुपया निखळ निकेलचा असतो म्हणे. तिने गल्ल्यातलं चुंबक काढून त्याला लावलं आणि रुपया टपकन चिकटला.

आता हे चुंबक म्हणजे माझ्या दुकानाची अब्रू. बायका येतात, भांड्याला चुंबक लावून पाहतात, चिकटलं नाही की अस्सल स्टील. चुंबकाला लोखंडच चिकटतं, असं मी तीस वर्षं छातीठोक सांगत आलो. म्हटलं, "म्हंजे लोखंडही चिकटते, निकेलही चिकटते. मग त्या दोघांचं स्टील काऊन नाई चिकटत?"

"एकत्र आल्यावर आतली मांडणी बदलते, बाबा. दोघांचाही सोभाव बदलते."

मला व्याह्यांचं घर आणि आमचं घर आठवलं. मी विषय बदलला.

रविवार, १९ एप्रिल

आदेश आज पुन्हा आला. महिन्याभरातला तिसरा फेरा. मुलगा कामसू आहे, माझ्या दुकानातल्या डिनर सेटवर त्याचा डोळा असावा. मी दोनदा त्याला काचेच्या कपाटाजवळ नेऊन उभं केलं, पण तो लाजतो.

येताना पिशवीभर सामान घेऊन आला. जुन्या ट्रॅक्टर बॅटरीतलं शिसं, टॉर्चच्या सेलचं जस्ताचं कवच, विजेचा टेस्टर आणि चार बल्ब. टेस्टरमध्ये जो नारिंगी उजेड लागतो तो निऑन. बल्बमधली तार टंगस्टन, आणि बल्बमध्ये हवा नसून आरगॉन नावाचा वायू भरलेला असतो. तो वायू म्हणे कुणाशीच संबंध ठेवत नाही, म्हणून तार जळत नाही. मला हा वायू फार आवडला. माणसाने असंच राहावं, म्हणजे दोन्हीकडे शब्द द्यायची वेळ येत नाही.

दोघं ओसरीत बसून तासभर बल्ब फोडत होते. वच्छला म्हणाली, लग्नाआधी पोरगा-पोरगी एवढं हसतात हे बरं नाही. मी म्हटलं, काच फोडताहेत, हसू येणारच.

जाताना आदेशने विचारलं, "मामा, आमची अल्लीपूरची सकाळची बस वर्ध्याले किती वाजता पोचते, तुमाले अंदाज हाये?" बहुधा लग्नाचं सामान बसने आणायचा विचार असेल. मी सांगितलं, काळजी करू नका, मेटॅडोर करू.

तो गेल्यावर रक्षा म्हणाली, "बाबा, मले काही सांगाचं हाये का तुमाले?"

म्हटलं, "हो. त्या बल्बच्या काचा झाडून घेजो."

मंगळवार, ५ मे

पत्रिका वाटून झाल्या. नत्थूजी कल्हईवाले आले होते. आता कल्हई कोण करतो, पण माणूस जुना. रक्षाला कथलाची अख्खी कांडी देऊन गेले आणि लग्नात जेवायला नाही, रुखवत बघायला येतो म्हणाले. कृषी केंद्रातून गंधक आलं. डॉक्टरांनी फुटलेल्या थर्मामीटरचा पारा बाटलीत दिला. वच्छलाची नाकातली चमकी सोन्याच्या खणात गेली, तेव्हापासून ती दिवसातून चारदा रुखवताला नमस्कार करून येते.

पण मुख्य भानगड आज कळली. एकशे नऊपैकी भरले किती? एकतीस. बाकीचे अठ्ठ्याहत्तर खण रिकामे! मी तोंडावर हात ठेवला.

"हे कवा भरशीन?"

"नाई भरत. काही विषारी हायेत, काही जगात सुईच्या टोकाएवढेही मिळत नाई. काही तं मोठ्या यंत्रात बनवा लागते आन् डोळा मिटेस्तोवर नाईसे होते. कार्ड ठेवीन, खण खाली राहू देईन."

भरलेल्या एकतीसमध्येही ऑक्सिजन आणि नायट्रोजन म्हणून दोन बाटल्या आहेत, त्या मला तरी रिकाम्याच दिसतात.

आमच्यात रुखवतात रिकामं ताट ठेवत नाहीत. एखाद्या ताटात काहीच नसलं तर मूठभर गव्हले तरी ठेवतात. वरपक्षाच्या बायका आधी ताट बघतात आणि मग नवरी. माझ्या आत्याच्या लग्नात एक वाटी रिकामी राहिली होती, ते आजही लोक काढतात, आणि आत्या जाऊन बारा वर्षं झाली. अठ्ठ्याहत्तर रिकामे खण म्हणजे आमच्या पुढच्या तीन पिढ्यांची सोय झाली.

मी रक्षाला म्हटलं, "ठीक हाये, तुह्या मनासारखं." दुसरं काय म्हणणार?

मंगळवार, १२ मे

काल राजस्थानात आपल्या सरकारने अणुबॉम्बचे स्फोट केले. आजचा पेपर त्यानेच भरला आहे. चौकात पेढे वाटले. मीही एक खाल्ला. घरी येतो तर फोन खणखणत होता. किसनराव.

"इवाई, तुमच्या रुखवतात युरेनियम हाये म्हणते?"

"छे छे. त्याचा खण खालीच हाये."

"आन् हायड्रोजन? पेपरात हायड्रोजन बॉम्ब लिवलं हाये."

आता हायड्रोजन होता. रक्षाने जस्तावर अॅसिड टाकून सोडावॉटरच्या बाटलीत धरून ठेवला होता. मी म्हटलं, "नाई." आणि फोन ठेवून अंगणात जाऊन बूच काढलं. काही झालं नाही. दिसलंही नाही काही. दहा मिनिटं बाटली धरून उभा होतो, गेला की नाही हे कसं कळणार?

रक्षा चिडली. म्हणाली, पाण्यातही हायड्रोजन आहे, मग विहीरही उपसून टाका. वर म्हणाली, लग्नाच्या वरातीत गॅसबत्तीला जी जाळी लावतो तिच्यात थोरियम असतं, ते थोडं किरणोत्सर्गी असतं आणि सारं सेलू त्याच उजेडात बोहल्यावर चढलं. मी वच्छलाला हे सांगितलं नाही. आमच्या वरातीत सहा बत्त्या होत्या.

आता भरलेले तीस, रिकामे एकोणऐंशी.

शुक्रवार, १५ मे

आज रक्षाला खरं काय ते सांगायचं ठरवलं होतं. ती कार्डं लिहीत बसली होती. मी समोर बसलो, घसा साफ केला. तिने पेन खाली ठेवला आणि म्हणाली, "बोला, बाबा."

मी विचारलं, "अक्षर मोठं काढलं नं? म्हाताऱ्या माणसांले वाचता आलं पायजे."

नाही सांगितलं. लग्न झाल्यावर सांगीन. नाहीतर किसनरावांना सांगीन.

शनिवार, १६ मे

आज हळद. घरभर पाहुणे, रक्षा बायकांच्या गराड्यात. दुपारी जेवणं आटोपून सगळे लवंडले तेव्हा मी ते काम उरकून घेतलं.

फराळाची पिंपं सामानाच्या खोलीतच होती. एकोणऐंशी खण मी एकट्याने, स्वतःच्या हाताने भरले. कसंही नाही भरलं. प्रत्येक कार्डावर वजन लिहिलेलं आहे, त्या हिशेबाने भरलं. आपला धंदाच वजनावरचा. हलक्यांना चिवडा आणि मुरमुऱ्याचे लाडू, मधल्यांना शंकरपाळे आणि चकल्या, दोनशेच्या आसपास करंज्या, आणि शेवटच्या ओळीतल्या बोजड मंडळींना डिंकाचे लाडू. ऑक्सिजनची बाटली फारच ओकीबोकी दिसत होती, तिच्यात शेव भरली.

वजन सोडून कार्डावर बाकी काय लिहिलं आहे ते वाचायला चष्मा नव्हता. गरजही नव्हती.

वर साडीचा पडदा टाकून ठेवला. रक्षाला उद्या आयतंच भरलेलं दिसेल. खूप समाधान वाटलं.

सोमवार, १८ मे

काल लिहायला वेळ मिळाला नाही. आज सविस्तर लिहितो, कारण हे विसरून चालणार नाही.

गोरज मुहूर्त होता. चार वाजता वरपक्षाची माणसं रुखवत बघायला आली. आदेश जानोशात, वरपक्षाच्या बिऱ्हाडातच होता, त्याला पाटावरून उठायची मनाई. रक्षाला आत तयार करत होते, त्यामुळे पडदा मीच काढला. बायकांच्या तोंडून "अवं माय" निघालं. मांडणी खरंच सुरेख दिसत होती. वरून तांबं, पारा चमकतो आहे, आणि खाली लाडवांची रांग. नत्थूजी तर हात जोडून उभे होते. सुलोचनाबाईंनी चष्मा पुसून पाहिलं आणि म्हणाल्या, "एक बी खण खाली नाई ठेवला पोरीनं."

मी मान लववली.

रुखवतातला घास वरपक्षाने चाखायचा असतो. सुलोचनाबाईंनी एक करंजी उचलली. किसनरावांनी शेवटच्या ओळीतला लाडू घेतला. त्यांची पुतणी सुरभी, दहावीतली, कार्डं मोठ्याने वाचत चालली होती. सोनं वाचलं, शिसं वाचलं, गंधक वाचलं. बायका माना डोलवत होत्या. मग ती आत्याच्या हाताखालच्या कार्डाजवळ आली.

"पोलोनियम. वजन दोनशे नऊ. अत्यंत विषारी. धुळीच्या कणाएवढं पोटात गेलं तरी माणूस वाचत नाही."

सुलोचनाबाईंच्या तोंडात अर्धी करंजी होती.

कुणी काही बोलायच्या आत सुरभीने काकांच्या लाडवाखालचंही कार्ड वाचून टाकलं. "युरेनियम. अणुबॉम्बसाठी वापरतात."

मंडपात जो गलका झाला तो मला आयुष्यभर ऐकू येईल. वाजंत्री थांबली. कुणी डॉक्टरांना बोलवा म्हणालं, कुणी मिठाचं पाणी आणा म्हणालं. एका बाईने आपल्या पोराच्या तोंडात बोट घालून आर्सेनिक बाहेर काढलं, म्हणजे शंकरपाळा. किसनरावांची तर अशी गत की गाल फुगलेला, लाडू गिळावा की थुंकावा ते ठरेना. पेपरात पाच दिवस तेच वाचलेलं. शेवटी त्यांनी गिळला आणि ओरडले, "माह्या बहिणीले काय चारलं, इवाई?"

रक्षा आतून धावत आली. अर्धी मुंडावळ बांधलेली, अर्धी लोंबते आहे. तिने मांडणीकडे पाहिलं. ऑक्सिजनच्या बाटलीतली शेव पाहिली. मग माझ्याकडे.

मी म्हटलं, "मी भरलं. खण खाली कसे ठेवाचे? लोक काय म्हणतीन? घरच्याच करंज्या हायेत, वच्छलानं केल्या. वजन पाहूनच भरल्या मी."

कुणीतरी फिसकन हसलं. किसनराव हसले नाहीत. पण सुलोचनाबाई, त्या अजून सावकाश चावतच होत्या, त्यांनी तोंडातलं संपवलं आणि म्हणाल्या, "सारण बेस हाये. पण पोरी, ह्या खणात खरं काय पायजे होतं?"

"काहीच नाई, आत्याबाई. खाली पायजे होता. पोलोनियम लय दुर्मिळ. यंदा त्याले शंभर वर्षं होतीन. एका बाईनं शोधलं, नवऱ्यासंगं. छप्पर गळते अशा शेडमंदी दगडाची भुकटी उकळून उकळून."

"नवऱ्यासंगं? म्हंजे लग्न झाल्यावर?"

"हो. पोरगी वर्षाची बी नवती तवा. नवऱ्यानं आपलं काम बाजूले ठेवलं आन् तिच्या कामाले हात लावला."

सुलोचनाबाईंनी उरलेल्या अर्ध्या करंजीकडे पाहिलं. "आन् तू काऊन सोडून राह्यली मग? किसन म्हणे, पोरगी कॉलेज बंद करते."

"मी?" रक्षा म्हणाली. "मी नाई सोडून राह्यली."

"इवाई," किसनराव म्हणाले, "तुमी मले शब्द देल्ला होता."

"मले बी देल्ला," रक्षा म्हणाली.

दोनशे माणसं माझ्याकडे पाहत होती. खरं सांगतो, त्या क्षणीही तोंडात काय आलं होतं? 'होईन नं दोन्ही' असं आलं होतं. ओठांपर्यंत आलं होतं. मग रक्षाकडे पाहिलं. ती रागावलेली नव्हती. नुसती माझ्या तोंडाकडे पाहत उभी होती, लहानपणी पाढे म्हणून दाखवताना मी तिच्या तोंडाकडे पाहत असे तशी.

मी म्हटलं, "नाई, किसनराव. तुमाले देल्ला तो शब्द खोटा होता. द्याले नवता पायजे. पोरगी शिकन. मंजूर नसन तं..." पुढचं वाक्य मला पुरं करता आलं नाही.

किसनराव ताडकन वळले आणि मंडपाबाहेर जाऊन बसले. त्यांच्यामागे दहाबारा माणसं गेली. वच्छलाने भिंत धरली. गुरुजी घड्याळ बघून कुजबुजले की सव्वासातचाही मुहूर्त आहे, त्यापुढे मात्र नाही. मला वाटलं, झालं. एकुलत्या एका मुलीचं लग्न मी लाडू आणि करंज्यांनी मोडलं.

सुलोचनाबाई हळूहळू बाहेर गेल्या, मीही मागे गेलो. त्या भावासमोर खुर्ची ओढून बसल्या.

"तू कॉलेज काऊन बंद करून राह्यला?"

"तुह्यासाठी, बाई. घरात तू एकटी."

"मले इचारलं?"

किसनराव फेट्याचं टोक बोटाला गुंडाळायला लागले.

"सत्तावीस वर्षं तुही चूल सांभाळली. आनखी एक वर्ष सांभाळीन. माह्या नावानं पोरीची शाळा बंद करू नको. माही बंद केली तवा बी कोणीच मले इचारलं नवतं."

किसनराव बराच वेळ पायाच्या अंगठ्याने माती उकरत बसले. त्यांचे डोळे भरले होते, मी पाहिलं. मग ते माझ्याकडे वळून त्याच दचकवणाऱ्या आवाजात म्हणाले, "सकाळची बस सातची हाये. तुमची पोरगी उठते का लौकर?"

मी 'हो' म्हणणारच होतो. कसंबसं थांबलो. म्हटलं, "तिलेच इचारा."

आत जाऊन त्यांनी विचारलं. रक्षा म्हणाली, "नाई उठत. पण उठीन."

लग्न सव्वासातला लागलं. जेवणावळीत युरेनियम सगळ्यात आधी संपलं.

बुधवार, २० मे

मांडवपरतणीला रक्षा आज घरी आली. घर पुन्हा घरासारखं वाटलं.

सकाळी वच्छला चहा देताना म्हणाली, "रक्षाले मार्चमंदीच मालूम होतं."

"काय?"

"तुमी तिकडं काय कबूल केलं ते. आदेशनं पहिल्या फेऱ्यालेच सांगतलं होतं तिले. तो तिच्याच बाजूचा. मले रक्षा म्हणे, आई, तू बोलू नको. बाबा सांगतीन मले."

मी चहा तसाच ठेवला. दोन महिने ती रोज माझ्यासमोर बसत होती, आणि मी तिच्याशी काचा आणि अक्षराबद्दल बोलत होतो. तिला लग्न मोडायचं नव्हतं, भांडायचं नव्हतं. बापाने आपल्याला एकदा खरं सांगावं एवढंच हवं होतं. ते तिला शेवटी दोनशे माणसांसमोर मिळालं, तेही फराळ सांडल्यावर. मी रडलो. इथे लिहायला काय लाज.

दुपारी तिच्याजवळ जाऊन बसलो. म्हटलं, "चुकलं माहं, बेटा."

तिने हातातला हिरवा चुडा मागे सारला. मग म्हणाली, "आनखी कोणाले काय काय कबूल केलं हाये ते आत्ताच सांगून टाका, बाबा."

मी आठवलं. एकच होतं. कुंकवाच्या दिवशी सुलोचनाबाई म्हणाल्या होत्या की त्यांची बोटं आता वळत नाहीत, दोन उन्हाळे झाले, घरात आमरसात घालायच्या शेवया, सरगुंडे, झाले नाहीत आणि आमरस नुसताच खावा लागतो. तेव्हा मी म्हणून गेलो होतो, आमची रक्षा काडीवर असे सरगुंडे वळते की बघत राहावं.

"मी?" रक्षा म्हणाली. "जलमात नाई वळले."

"मालूम हाये."

मला वाटलं, आता ही चिडणार. ती उठली, वच्छलाकडून रवा भिजवून घेतला, परात आणि काड्या घेऊन ओसरीत येऊन बसली. पहिला सरगुंडा तिच्या काडीवरून ओघळला. दुसऱ्याची गाठ झाली. तिसऱ्याला तिने काडीसकट फेकून दिलं आणि पुन्हा उचललं.

मी दुकान बंदची पाटी लावून आलो, हात धुतले आणि एक काडी घेतली.